काम राहिलेला कागद

परवा माझ्या नातीनं फ्रिजवर चिकटवलेली पिवळी चिठ्ठी काढली, तिचा बोळा केला आणि खिडकीबाहेर भिरकावला. मी ओरडले, "अगं, ते चिटोरं कशाचं आहे ते वाच तरी आधी!" तिनं कानातली गाणी ऐकायची बोंडं काढली आणि विचारलं, "आजी, ये चिटोरं क्या होता है?" मी म्हटलं, बापाला विचार. बाप, म्हणजे माझा मुलगा, जेवता जेवता म्हणाला, "रद्दी, और क्या." मी दोघांनाही नापास केलं आणि काठी घेऊन खाली गेले. बोळा गटाराच्या काठाला अडकला होता. उलगडून पाहिला तर माझ्याच रक्ततपासणीची तारीख निघाली, उलटून गेलेली. नात हसून लोटपोट. मीही हसले, पण जिना चढताना हसू पुरलं नाही. कागदाचा बोळा उलगडला की मी अजून तेरा वर्षांची होते. तेव्हा काय झालं, ते सांगून टाकते. आता ऐकणाऱ्यांत रागावेल असं कोणी उरलेलं नाही.

तेव्हा छत्तीसगड नावाचं राज्य नव्हतं, पण छत्तीसगडी होती, हिंदी होती, आणि पोलाद कारखान्याच्या वसाहतीत, आमच्या सेक्टरमधल्या दोन खोल्यांच्या क्वार्टरात आमची भंडाऱ्याकडची मराठी होती. तिच्यात हा शब्द दिवसातून दहादा पडायचा. रेशनच्या रांगेतून आणलेल्या पावतीला आई चिटोरं म्हणायची. बाबा कारखान्यात कोक ओव्हनच्या भट्ट्यांवर होते, सुटीचा अर्ज साहेबानं परत पाठवला की दारातूनच सांगायचे, "आमचं चिटोरं वापस आलं, चहा ठेव." मागच्या ब्लॉकातल्या एका साहेबीणबाईंच्या तोंडी चिटोरं म्हणजे प्रेमपत्र, आणि तेही दुसऱ्याच्या मुलीला आलेलं. शाळेत परीक्षेला मोज्यात लपवून नेतात तेसुद्धा चिटोरंच. मला हे सगळे अर्थ पाठ होते आणि मी त्यांचा मोठा तोरा मिरवत असे. पण खरा अर्थ मोठीमायकडे होता. एकदा मी तिला चिडवलं, "मोठीमाय, रद्दी म्हण न, चिटोरं काय म्हणतं?" ती तांदूळ निवडत होती. मान वर न करता म्हणाली, "रद्दी येगळी, पोट्टे. ज्याचं काम झालं थो कागद रद्दी. अन् ज्याचं काम राहून गेलं, थो चिटोरं."

मोठीमाय म्हणजे माझ्या बाबांच्या मोठ्या भावाची बायको. मोठे बाबा, दशरथ त्यांचं नाव, कारखाना उभा राहत असताना इथे खलाशी म्हणून आले, लोखंडी तुळया वर चढवायच्या कामावर. त्यांनीच नंतर माझ्या बाबांना बोलावून घेतलं. मी चार वर्षांची असताना एका सकाळी ते त्यांच्या बहिणीला, म्हणजे माझ्या आत्याला, आणायला दुर्ग स्टेशनवर गेले. दुपारी आत्या एकटीच रिक्षातून उतरली, ट्रंक आदळली आणि तणतणली, "तासभर उभी होती मी फलाटावर! कोठी हाये दशरथदादा? असं घ्यायले येतेत का?" तिचं तणतणणं ऐकूनच घरच्यांना कळलं की काहीतरी झालंय. नंतर स्टेशन पाहिलं, दवाखाने पाहिले, चौकी पाहिली, रुळाच्या कडेनं राजनांदगावपर्यंत माणसं चालत गेली. कुठल्याच यादीत नाव नाही. आत्या पुढे कितीतरी वर्षं आमच्याकडे आली की ट्रंक अगदी हळू खाली ठेवायची.

मोठे बाबा चौथी शिकलेले होते, आमच्या घराण्यात पहिले. त्यामुळे त्यांना लिहिण्याचा सोस होता. कामावर निघताना सिमेंटच्या पोत्याचा जाड कागद फाडायचे आणि निळ्या पेन्सिलीनं काहीतरी लिहून चुलीजवळ ठेवायचे. 'संध्याकाळी उशीर होईल', 'डाळ जास्त घाल' असलंच. मोठीमायला वाचता येत नव्हतं. ती तो कागद पदरात धरून तीन दारं हिंडायची, वाचणारा शोधायची, आणि डाळ जास्त घालायला सांगितलंय हे कळेपर्यंत डाळ शिजून गेलेली असायची. त्यांना ते ठाऊक होतं. तरी लिहायचेच. म्हणून ते गेल्यावर मोठीमायनं एकच गोष्ट धरून ठेवली: हा माणूस लिहिल्याशिवाय जाणार नाही. कुठेतरी चुलीजवळ, दगडाखाली कागद ठेवला असणार, आणि वाऱ्यानं तो उडवला असणार. तेव्हापासून ती रस्त्यातला प्रत्येक लिहिलेला कागद उचलायची.

लोकांना वाटायचं, बाई जरा सरकली. आमच्या घरात मात्र कोणी तिला अडवलं नाही, कारण लिहिलेल्या कागदावर पाय पडला तर आम्ही सगळेच वाकून कपाळाला हात लावत असू. भिंतीवर बुद्धाची तसबीर होती आणि तिच्याखाली फळीवर माझी शाळेची पुस्तकं. दोन्हींवरची धूळ बाबा एकाच फडक्यानं पुसायचे. ज्यांच्या आज्याला पाटीला हात लावू दिला नव्हता, त्यांच्या घरात कागद चुलीत जात नसतो. मग एवढ्या कागदाचं करायचं काय? तर टोपल्या. मोठीमाय मागच्या अंगणात मोठ्या मडक्यात कागद भिजत घालायची, त्यात मेथीदाणे टाकायची, चार दिवसांनी ते सगळं उखळात कांडून लगदा करायची आणि पालथ्या घमेल्यावर थापायची. वाळली की अशी टणक टोपली निघायची की तीत पायलीभर तांदूळ मावावेत. आमच्या घराला कायम भिजल्या कागदाचा आणि मेथीचा कडवट वास असायचा. उखळाचा धप धप आवाज, लांबून कारखान्याचा भोंगा, आणि संध्याकाळी तिकडे लोखंडाचा वितळलेला मळ ओतला की लाल होणारं आकाश. मला वाटायचं सगळ्यांच्याच घरी असं असतं.

भिजवण्याचा एक नियम होता. वाचल्याशिवाय एकही कागद पाण्यात जायचा नाही. वाचला म्हणजे त्याचं काम झालं, मग तो रद्दी, मग त्याची टोपली करायला हरकत नाही. आणि वाचणारी मी. शाळेतून आले की हातपाय धुऊन, वाटीभर पोहे किंवा सकाळची लाखोरीची डाळ-भात खाऊन, अंगणात पाटावर बसायचं. मोठीमाय एकेक कागद उलगडून माझ्या हातात द्यायची, मी मोठ्यानं वाचायचे, ती "हं" म्हणायची आणि तो मडक्यात जायचा. साबणाचं वेष्टण, कुणाचा गणिताचा पेपर, औषधाची चिठ्ठी, फाटलेली लग्नपत्रिका. त्या "हं"मध्ये दर वेळी किंचित काहीतरी खाली बसायचं. ते मला तेव्हा ऐकू येत नव्हतं. मला फक्त माझा आवाज ऐकू यायचा.

त्या मुलीला काय सांगू! दोन वेण्या, तेल निथळणाऱ्या, आणि नाक सदैव वर. वर्गात वाचनात पहिली आली म्हणून चालताना ओठ हलवत चालायची, लोकांना कळावं की ही मनातल्या मनातसुद्धा वाचते. तिला रोजरोज साबणाची वेष्टणं वाचायचा कंटाळा आला. मग तिनं मीठमसाला घालायला सुरुवात केली. औषधाच्या चिठ्ठीत लिहिलेलं असायचं दिवसातून दोनदा, ही वाचायची, "दिवसातून दोनदा, आणि सासूचं तोंड पाहिल्यावर एकदा." मोठीमाय पदर तोंडाला लावून हसायची. "असं लिवते का डाक्टर?" "मग! शिकलेला आहे तो." हसलेली मोठीमाय दुर्मीळ गोष्ट होती, आणि ती मी मिळवते याचा मला माज चढला. हळूहळू खरा मजकूर कमी आणि माझा जास्त होत गेला. फाटक्या लग्नपत्रिकेतली लग्नं मी मोडायचे, जुळवायचे, वऱ्हाडात भांडणं लावायचे. आज कोणी विचारलं की तू लिहायला कधी लागलीस, तर खरं उत्तर हे की मी आधी खोटं वाचायला लागले.

आणि मग तो कागद आला. दिवाळीनंतरचे दिवस होते, अंगणात ऊन तिरपं पडलं होतं, आणि माझ्या मैत्रिणी मैदानावर माझी वाट पाहत होत्या. मोठीमायनं त्या दिवशी तो कागद सगळ्यांत शेवटी काढला, कंबरेच्या पिशवीतून. सिमेंटच्या पोत्याचा जाड तुकडा. एका बाजूला छापलेलं अर्धवट 'जामुल', जवळच्याच सिमेंट कारखान्याच्या गावाचं नाव. दुसऱ्या बाजूला निळ्या पेन्सिलीनं काहीतरी. तो तिनं माझ्या हातात दिला नाही. माझ्यासमोर धरला, दोन्ही हातांनी, जसं तान्ह्या पोराला दाखवतात. म्हणाली, "सुजे, हे पाह्य बरं."

त्यावर तीन आकडे होते. बारा, चौदा, आठ. बस्स. कुणीतरी पोती मोजली असतील. मी तिच्या तोंडाकडे पाहिलं. त्या तोंडाकडे पाहून मला दया आली, असं मी पुढे पुष्कळ वर्षं स्वतःला सांगत आले. दया आली होतीच, पण तिच्या मागे मैदानही होतं, आणि माझ्या अंगातली ती नटवी होती जिला इतका मोठा प्रेक्षक कधी मिळाला नव्हता. मी घसा साफ केला. "मी बरा आहे," मी वाचलं. "काळजी करू नको. दशरथ."

मोठीमायनं "हं" म्हटलं नाही. मडक्यातल्या पाण्यावर एक माशी फिरत होती, ती दिसते मला अजून. मग तिनं विचारलं, "कोठून लिवलं?" आणि मी, काय सांगू माझ्या हुशारीचं, कागद उलटा करून छापलेली अक्षरं दाखवली. "जामुल." मी मैदानावर पळाले. रात्री दोन भाकरी जास्त खाल्ल्या. पुण्याचं काम केल्यावर भूक लागते म्हणतात, मला वाटलं ते हेच.

दुसऱ्या दिवशी शाळेतून आले तर उखळ बंद. मोठीमायनं लाखोरीची डाळ भिजत घातली होती. तिच्यात हिरवी मिरची, लसूण, कोथिंबीर वाटून ती वडे तळत होती, आणि प्रत्येक वडा झाऱ्यानं दाबून पाहत होती. "त्यायले कडक लागतेत," ती आईला म्हणाली. आई माझ्याकडे पाहून म्हणाली, "तूच वाचलं म्हणे?" मी मान हलवली. आईच्या डोळ्यांत पाणी आलं आणि तिनं मला जवळ घेतलं. तेव्हा मला पहिल्यांदा भीती वाटली. मोठीमायला फसवणं ही गंमत होती. पण आईला शिवल्यावर माझं ते वाक्य घरभर हिंडू लागलं. चुलीपाशी गेलं, दाराशी गेलं, बाबांच्या डब्यात गेलं असतं, पण मोठीमाय म्हणाली, "भाऊजीले आताच सांगू नका. आधी मी पाहून येतो. मले अन् सुजीले जाऊ द्या." मी सांगायला तोंड उघडलं होतं. तीनदा उघडलं. तिन्ही वेळा तिनं माझ्या तोंडात गरम वडा कोंबला.

शनिवारी शाळा लवकर सुटायची. आम्ही बसनं जामुलला गेलो. मोठीमायनं ठेवणीतलं हिरवं लुगडं नेसलं होतं, मांडीवर वड्यांचा डबा. बसमध्ये ती एकदाच बोलली, "तुले वळखू येतीन का थे? तू लहान होती." जामुल जवळ आलं तशी झाडं बदलत गेली. पानं हिरवी नव्हती, सिमेंटच्या धुळीनं राखाडी होती. घरांची कौलं राखाडी, कुत्री राखाडी. सिमेंट कारखान्याच्या फाटकासमोर आम्ही उभ्या राहिलो. पहारेकऱ्यानं विचारलं, किसको मिलना है, नाम क्या है. मोठीमायनं माझ्याकडे पाहिलं. नवऱ्याचं नाव तिनं जन्मात उच्चारलं नव्हतं. मीच सांगितलं, दशरथ. माझ्याच तोंडून ते नाव दुसऱ्यांदा आलं. त्यानं वही पाहिली, मान हलवली. मग दुपारचा भोंगा झाला आणि पाळी सुटली.

ते मी कधी विसरले नाही. शेकडो माणसं एकदम बाहेर आली आणि सगळी म्हातारी. केस पांढरे, भुवया पांढऱ्या, पापण्या पांढऱ्या, वीस वर्षांचा आणि साठ वर्षांचा ओळखू येईना. सगळ्यांची तोंडं एका साच्यातून काढल्यासारखी. मोठीमाय पुढे झाली आणि एकेकाच्या तोंडाकडे पाहू लागली. कोणी बाजूनं गेला, कोणी थबकला, कोणी हसला. ती पाहत होती, मान इकडून तिकडे, इकडून तिकडे. आणि मला वाटायला लागलं की आता यातला एक थांबणार. मी ज्याला बनवलं तो यातून चालत येणार आणि माझ्याकडे बोट दाखवून विचारणार, काहून लिवलं मायं नाव? मी फाटकाच्या खांबाआड सरकले.

पाळी सरली. रस्ता रिकामा झाला. पलीकडे झापाखाली चहाचं दुकान होतं. दुकानवाली छत्तीसगडी बाई, हातावर गोंदण. तिनं आम्हाला केव्हापासून पाहिलं होतं. बाकावर बसवलं, पाणी दिलं, विचारलं, कोन ल खोजत हस दाई, कोणाला शोधतेस? मोठीमायनं आपल्या मोडक्या हिंदीत सांगितलं: माणूस, मराठी बोलणारा, नऊ वर्षं झाली. आणि मग जे खरं ओळखीचं होतं ते सांगितलं: "बोरी के कागज पे लिखते थे. नीली पेन्सिल से."

त्या बाईचा हात किटलीवर थांबला. "रिहिस एक झन," ती म्हणाली. होता एक. पोत्याच्या कागदावर सारखं लिहीत बसायचा, इथेच, या बाकावर. खरं नाव तिला ठाऊक नव्हतं, सगळे त्याला मुंशी म्हणायचे. पावसाळ्यात ताप आला आणि त्यातच तो वारला. त्याची पिशवी तिनं ठेवली होती, कोणी ना कोणी येईल म्हणून. ती आत गेली आणि कापडी पिशवी घेऊन आली. आत एक टॉवेल, निळ्या पेन्सिलीचा तुकडा, आणि सुतळीनं बांधलेली चवड, पोत्याच्या कागदांची.

मोठीमायनं पिशवीला हात लावला नाही. ती बाकावर बसून राहिली. मग म्हणाली, "वाच."

त्या दुकानात तीन बायका होतो आणि वाचता येत होतं फक्त मला. सुतळीची गाठ मी दातानं सोडवली. पहिला कागद. दुसरा. अक्षर गोल, सावकाश, प्रत्येक कागदावर वर एका गावाचं आणि डाकघराचं नाव, मग "सुकवारो ल मालूम हो", म्हणजे बायकोला, सुकवारोला, कळावे, आणि शेवटी सही: बिसाहू. मी पुन्हा पुन्हा सही पाहिली. दशरथ म्हटलं असतं तर कोणाला कळणार होतं? मोठीमायचा शोध तिथेच संपला असता. नऊ वर्षांचं ओझं त्या बाकावर उतरलं असतं आणि माझी चोरीही त्याच्याबरोबर जळून गेली असती. हे सगळं त्या वेण्यांच्या पोरीला एका श्वासात सुचलं. मी तिला मूर्ख म्हणत असले तरी ती तेवढी मूर्ख नव्हती. सगळं सोयीचं होतं. फक्त कुठेतरी एक सुकवारो होती, जिला यातलं काहीच माहीत नव्हतं.

"मोठीमाय, हे मोठे बाबांचं नाही," मी म्हटलं.

"अक्षर जुळवून पाह्य न. त्या दिवशीच्या कागदासारखंच असंन." तिनं कंबरेच्या पिशवीतून तो तुकडा काढला, चार घड्या केलेला.

"त्याच्यावर अक्षर नाही. आकडे आहेत. मी... मीच म्हटलं ते. मनानं."

दुकानवालीला मराठी कळत नव्हती, पण तिनं किटली खाली ठेवली. मी डोळे मिटून घेतले, थप्पड येईल म्हणून. आली नाही. डोळे उघडले तर मोठीमाय त्या तुकड्याकडे पाहत होती. तिनं विचारलं, "कोणते आकडे?"

"बारा, चौदा, आठ."

"बारा. चौदा. आठ," ती म्हणाली, जसं कोणाची तरी नावं घ्यावीत. मग उठली, तो तुकडा दुकानवालीच्या साखरेच्या डब्याखाली सरकवला आणि तिला म्हणाली, "किसी का हिसाब है. ढूँढता आयेगा तो देना." परत बसली. "आता हे वाच. जे लिवलं हाये थेच."

मी वाचलं. अकरा कागद होते. छानीवर, म्हणजे छपरावर, नवे खापर चढव. बछडी विकू नको. देवारीला, म्हणजे दिवाळीला, येतो. मग पुढच्यात, देवारीला जमलं नाही, होळीला येतो. दुकानवाली पदरानं डोळे पुसत म्हणाली, डाकेत टाक म्हटलं की म्हणायचा, खुदे धर के जाहूं, स्वतःच घेऊन जाईन. वडे आम्ही तिघींनी खाल्ले. थंड झाले होते, पण कडक होते.

पिशवी घेऊन घरी आलो तेव्हा ऊन उतरलं होतं. आई दारातच. "तुमी गेल्यावर मले राहवलं नाही, ह्यायले सांगून बसली. पाळीवरून आले, ऐकलं, अन् तसेच सायकल घेऊन जामुलले गेले. भेटले नाही का?" भेटले नव्हते. मोठीमाय ओसरीवर बसली. कोणी दिवा लावला नाही. कारखान्याकडचं आकाश लाल झालं आणि पुन्हा विझलं. तेवढ्यात फाटक वाजलं आणि अंधुकात एक माणूस आत आला, उंच, वाकलेला, भुवया पांढऱ्या, केस पांढरे. मोठीमाय उठून उभी राहिली. पदर डोक्यावर घेतला. "आलात?" ती म्हणाली. त्या आवाजात मी तिला त्याआधी कधी बोलताना ऐकलं नव्हतं, नंतरही नाही.

माणूस जागच्या जागी थांबला. "नाही वहिनी," तो म्हणाला, "मी हावो."

बाबा होते. फाटकापाशी, सिमेंटच्या गोण्यांजवळ, तिन्हीसांजेपर्यंत उभे राहून आले होते. ते तिथेच पायरीवर बसले आणि दोन्ही हातांनी तोंड पुसू लागले, आणि जितकं पुसत तितकं ते पांढरं होत होतं. तोपर्यंत मला वाटत होतं मी एका माणसाशी खोटं बोलले. बाबांनी मला मारलं नाही, बोलले नाहीत. आठवडाभर माझ्याकडे पाहिलंच नाही. आईनं जवळ घेतलं नाही. मला मार हवा होता. आजही वाटतं, एक सणसणीत बसली असती तर हे प्रकरण लिहावं लागलं नसतं.

रविवारी मोठीमायनं मला अंगणात बसवलं आणि वहीचा कोरा कागद पुढे ठेवला. "त्या बाईले लिव." मी शाळेच्या हिंदीत सुरुवात केली, 'अत्यंत दुख के साथ'. तिनं थांबवलं. "असं नाही. लिव: तुझा माणूस गेला. तापानं गेला. तुझं नाव लिहीत होता. वाट पाहू नको." मी तसंच, साध्या हिंदीत लिहिलं. "वाचून दाखव." दाखवलं. आणि मग तिनं तो प्रश्न पहिल्यांदा विचारला, अगदी साधेपणानं, जसं मीठ घातलं का विचारावं तसा: "असंच लिवलं हाये?" "हो." अकरा कागदांचं पाकीट बाबांनी स्वतः पोस्टात नेलं.

त्यानंतरही मी रोज वाचत राहिले. उखळ पुन्हा सुरू झालं, टोपल्या झाल्या. पण प्रत्येक कागद वाचून झाला की ती विचारायची, "असंच लिवलं हाये?" साबणाच्या वेष्टणालासुद्धा. रागानं नाही, टोमणा म्हणूनही नाही. तिला खरंच ठाऊक नसायचं. मी "हो" म्हणायचे, आणि तो "हो" मला स्वतःलाच तपासून पाहावासा वाटायचा. आता नातीला गोष्ट वाचून दाखवते तेव्हाही पान उलटण्याआधी मी क्षणभर थांबते. नात म्हणते, "आजी, अटक क्यों जाती हो?" तिला काय सांगू, कोणीतरी विचारतंय म्हणून.

उन्हाळा लागताना एक पोस्टकार्ड आलं. गावातल्या कुणा शाळकरी मुलाकडून लिहून घेतलेलं, अक्षर वेडंवाकडं. मी अंगणात उभ्यानंच वाचलं: "चिट्ठी मिलिस. चूरी उतार देंव. तोर भला होवय." चिठ्ठी मिळाली, बांगड्या उतरवल्या, तुझं भलं होवो. मोठीमायनं विचारलं, "असंच?" मी म्हटलं, "असंच." तिनं कार्ड हातात घेतलं, उलटंसुलटं पाहिलं आणि मडक्याकडे नेलं. कार्ड पाण्यात सोडून तिनं ते बोटानं खाली दाबलं. तेव्हा तिच्या हातातल्या हिरव्या बांगड्या किणकिणल्या. ती त्यांच्याकडे पाहत राहिली, पाण्यात कोपरापर्यंत हात तसाच. मी वाट पाहत होते. ती काढेल असं मला वाटलं. काढावं असंही वाटलं, देवाशपथ. तिनं हात बाहेर काढला, लुगड्याला पुसला आणि म्हणाली, "तिले लिवणारी भेटली, बाई."

मोठीमाय त्यानंतर सव्वीस वर्षं जगली. बांगड्या फुटल्या की नव्या भरायची, हिरव्याच. ती गेली तेव्हा आमच्या समाजातल्या बायका आंघोळ घालायला जमल्या. एकीनं दबक्या आवाजात विचारलं, मोठे बाबा तर केव्हाचेच गेले असतील, मग या बांगड्या ठेवायच्या की उतरवायच्या? सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं, घरात शिकलेली मी म्हणून. मी म्हटलं, राहू द्या. अजून कागद आला नाही.